दुसऱ्याची रँक पाहताना : सूरह अल-हुजुरातच्या प्रकाशात

आमच्या मोहल्ल्यातील मशिदीत दर रविवारी असरच्या नमाजनंतर मुलांचा दर्स होतो. त्या दर्साला नियमाने येणारा आठवीतील एक मुलगा अचानक येईनासा झाला. इशाच्या जमाअतीतही तो दिसेना. त्याच्या वडिलांना विचारले तेव्हा ते म्हणाले, "नमाज घरीच पढतो. मशिदीत का जात नाहीस, असे विचारले तर गप्प बसतो."

कारण पुढे माझ्याच घरात सापडले. मोबाइलवरील नेमबाजीच्या एका खेळात माझा भाचा व त्याचे मित्र त्या मुलाबरोबर खेळत असत. एकदा त्यांनी त्याची माहिती उघडून पाहिली. त्याची रँक सर्वांत खालची, म्हणजे 'ब्राँझ' निघाली. त्या दिवसापासून त्याचे नावच 'ब्राँझ' पडले. हे नाव आधी खेळात, मग शाळेच्या वाटेवर आणि शेवटी मशिदीच्या वजूखान्यापर्यंत पोहोचले. भाच्याला जवळ बसवून विचारले तेव्हा तो सहजपणे म्हणाला, "मामू, मी खोटं काय बोललो? त्याची रँक ब्राँझच आहे. कुणीही उघडून पाहू शकतं."

त्याच्या बोलण्यात खोटे काही नव्हते. माहिती खरी होती आणि सर्वांसाठी खुलीही होती. तरीही त्या खऱ्या माहितीमुळे एक मूल मशिदीपासून दूर गेले. मग चूक नेमकी कुठे झाली? दुसऱ्याची रँक पाहणे हीच चूक, की पाहिल्यानंतर जे घडले ती चूक? आज आपल्या असंख्य घरांतील मुले हे खेळ खेळतात. म्हणून या प्रश्नाचे उत्तर पवित्र कुरआन व प्रेषित मुहम्मद (स.) यांच्या शिकवणीत शोधणे अगत्याचे आहे.

रँक म्हणजे काय?

ज्या माता-पित्यांनी हे खेळ जवळून पाहिलेले नाहीत, त्यांच्यासाठी थोडे स्पष्टीकरण आवश्यक आहे. आपल्याकडे अतिशय परिचित असलेला 'बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया' हा खेळ 2 जुलै 2021 रोजी भारतात सुरू झाला. त्यात साधारण शंभर खेळाडू एका बेटावर उतरतात, सुरक्षित वर्तुळ हळूहळू लहान होत जाते आणि शेवटपर्यंत टिकणारा खेळाडू किंवा संघ जिंकतो. प्रत्येक सामन्यात किती काळ तग धरला आणि किती प्रतिस्पर्ध्यांना बाद केले यावरून गुण मिळतात. त्या गुणांनुसार खेळाडू ब्राँझ, सिल्व्हर, गोल्ड, प्लॅटिनम, डायमंड, क्राउन, एस अशा पायऱ्या चढतो. अगदी वरची पायरी 'कॉन्करर' ही होय. खेळाडूच्या नावावर बोट ठेवले की त्याची पायरी व कामगिरी डोळ्यांसमोर येते.

अशा क्रमवारीची कल्पना बुद्धिबळातून आली आहे. अर्पाड एलो हे जन्माने हंगेरियन असलेले अमेरिकेतील भौतिकशास्त्राचे प्राध्यापक होते. खेळाडूंची ताकद आकड्यात मोजण्याची त्यांची पद्धत अमेरिकेच्या बुद्धिबळ महासंघाने 1960 मध्ये आणि जागतिक महासंघाने 1970 मध्ये स्वीकारली. समोरचा खेळाडू बलवान असताना जिंकल्यास अधिक गुण मिळावेत आणि तो दुबळा असताना जिंकल्यास कमी मिळावेत, हे तिचे सार आहे. आजच्या बहुतेक ऑनलाइन खेळांची क्रमवारी याच विचारावर उभी आहे.

तिचा मूळ हेतू ध्यानात घेण्यासारखा आहे. नवशिक्याची गाठ नवशिक्याशी पडावी आणि मुरलेल्याची मुरलेल्याशी, यासाठी रँक असते. म्हणजेच ती न्यायासाठी आहे. कुणाला हिणवण्यासाठी ती निर्माण झालेली नाही.

मदीनेतील घोड्यांची शर्यत

इस्लाम स्पर्धेच्या विरोधात आहे, असा काहींचा समज असतो. तो बरोबर नाही. हजरत अब्दुल्लाह बिन उमर (रजि.) यांच्या कथनानुसार (बुखारी) प्रेषित (स.) यांनी मदीनेत घोड्यांच्या शर्यती लावल्या होत्या. ज्या घोड्यांना शर्यतीसाठी खास तयार केलेले होते, त्यांची शर्यत अल-हफ्या येथून सनियतुल-वदापर्यंत होती. हे अंतर पाच ते सहा मैल असल्याचे सांगितले जाते. जे घोडे तसे तयार केलेले नव्हते, त्यांची शर्यत सनियतुल-वदापासून बनू जुरैक यांच्या मशिदीपर्यंत, म्हणजे सुमारे एक मैलाची होती.

येथे दोन गट केलेले आहेत आणि ते तयारीनुसार केलेले आहेत. दुबळ्या घोड्याला बलवान घोड्याबरोबर धावायला लावून त्याचा फजितवाडा केलेला नाही. त्याला त्याच्या ताकदीइतके मैदान दिलेले आहे. यावरून क्षमतेनुसार वर्गवारी करणे हे मुळात गैर नाही, हे कळते. आपल्या संघात कोणाला घ्यावे, कोणाला कोणते काम द्यावे, कोणाकडून शिकावे यासाठी दुसऱ्याची पायरी पाहिली तर तीत दोष नाही.

याहून अधिक बोधप्रद प्रसंग नेमबाजीचाच आहे. अस्लम कबिल्यातील काही लोक बाण मारण्याची स्पर्धा करीत होते. प्रेषित (स.) तेथून जात असता त्यांनी त्यांना प्रोत्साहन दिले, त्यांचे पूर्वज हजरत इस्माईल (अलै.) हे तिरंदाज होते याची आठवण करून दिली आणि आपण अमुक एका गटाबरोबर आहोत असे सांगितले. हे ऐकताच दुसऱ्या गटाने हात आवरले. आपण त्यांच्या बाजूने असताना आम्ही बाण कसे मारावेत, असा त्यांचा प्रश्न होता. तेव्हा प्रेषित (स.) यांनी त्यांना बाण मारण्यास सांगितले आणि आपण सर्वांबरोबर असल्याचे जाहीर केले (बुखारी).

खेळ चालू राहिला, स्पर्धाही चालू राहिली. मात्र एका गटाचे मन खट्टू झाल्याचे दिसताच प्रेषितांनी (स.) ते सावरले. आपल्या मुलांच्या खेळात नेमकी हीच गोष्ट राहून जाते. हरणारा आपल्यातच राहिला पाहिजे, याची काळजी कोणी घेत नाही.

चार दरवाजे

सूरह अल-हुजुरात ही पवित्र कुरआनची एकोणपन्नासावी सूरह असून ती मदीनेत अवतरली. तिच्या अकराव्या व बाराव्या आयतीत मुस्लिम समाजातील परस्पर वर्तनाचे नियम सांगितले आहेत. दुसऱ्याची रँक पाहिल्यानंतर माणूस कोणकोणत्या दरवाजांतून गुन्ह्यात शिरतो, हे या दोन आयती जणू क्रमाने दाखवितात.

पहिला दरवाजा थट्टेचा. अकराव्या आयतीत एका गटाने दुसऱ्या गटाची थट्टा करण्यास मनाई आहे, आणि तिचे कारणही दिलेले आहे. ज्यांची थट्टा होते, ते थट्टा करणाऱ्यांपेक्षा श्रेष्ठ असण्याची शक्यता आहे. हाच आदेश स्त्रियांना उद्देशून स्वतंत्रपणे दिलेला आहे. त्यानंतर एकमेकांना दूषणे देणे व वाईट टोपणनावांनी हाक मारणे निषिद्ध ठरविले आहे. 'ब्राँझ' हा शब्द धातूचे नाव म्हणून निर्दोष आहे. परंतु एखाद्याला दुखविण्यासाठी तो त्याच्यावर चिकटवला की तेच टोपणनाव होते. हाक मारणारा हसून मारतो आणि ऐकणारा हसून घेतो, म्हणून ते निरुपद्रवी ठरत नाही. आमच्या मोहल्ल्यातील तो मुलगाही सुरुवातीला हसतच होता.

दुसरा दरवाजा संशयाचा. बारावी आयत अनेक प्रकारच्या संशयापासून दूर राहण्यास सांगते, कारण काही संशय गुन्हा असतात. एखाद्याची रँक पाहून मुले पटकन निष्कर्ष काढतात. फार वर असेल तर याने लबाडीचे सॉफ्टवेअर वापरले असणार, किंवा दुसऱ्याकडून खेळून घेतले असणार. खाली असेल तर हा मुद्दाम नवे खाते उघडून नवशिक्यांना छळत असणार. असे प्रकार घडत नाहीत असे नव्हे. परंतु पुरावा नसताना भर गटात तसा आरोप करणे म्हणजे एका आकड्यावरून माणसाच्या सचोटीचा निवाडा करणे होय. शंका रास्त असेल तर तक्रार करण्याची सोय खेळातच असते. तिचा उपयोग करावा आणि जीभ आवरावी.

तिसरा दरवाजा टेहळणीचा. याच आयतीत 'तजस्सुस', म्हणजे इतरांच्या झाकलेल्या गोष्टी शोधत फिरणे निषिद्ध केलेले आहे. येथे उघडी व झाकलेली माहिती असा भेद करावा लागेल. खेळाने सर्वांना दाखविलेली रँक दिसली तर ती टेहळणी नव्हे. पण अनेक खेळांनी ही माहिती झाकण्याची व्यवस्था केलेली आहे. 'काउंटर-स्ट्राइक : ग्लोबल ऑफेन्सिव्ह' या 2012 मधील खेळात अनोळखी खेळाडूंची रँक सामना संपल्यावरच दिसत असे. 'ओव्हरवॉच' या खेळाने 2018 मध्ये खेळाडूंची कामगिरीची पाने मूळचीच खासगी केली. 'व्हॅलोरंट' या खेळाची निर्माती कंपनी बाहेरच्या संकेतस्थळांवर खेळाडूचा तपशील दाखविण्यासाठी त्या खेळाडूची संमती अपेक्षिते. सामना सुरू होण्याआधीच आकडे पाहून सहकाऱ्याला शिव्या देण्याची वृत्ती खेळ बिघडवते, हे कोणाही खेळाडूला ठाऊक आहे.

आता ज्याने आपली रँक झाकून ठेवली आहे, ती आडमार्गाने काढणारी साधने वापरणे, त्याच्या मित्राचा मोबाइल मागून पाहणे, किंवा त्याचे जुने खाते शोधत बसणे, याला काय म्हणावे? हजरत मुआविया (रजि.) यांच्याकडून आलेल्या एका हदीसचा आशय असा की, तुम्ही लोकांच्या उणिवांच्या मागे लागलात तर तुम्ही त्यांना बिघडवाल (अबू दाऊद). एका खेळाची रँक ही क्षुल्लक बाब आहे, हे खरे. पण सवय क्षुल्लक नसते. आज जो रँक शोधतो, तो उद्या गुणपत्रिका शोधतो, परवा पगार शोधतो आणि पुढे शेजाऱ्याच्या घरातील भांडण शोधतो.

चौथा दरवाजा गीबतचा, म्हणजे पाठीमागील निंदेचा. माझ्या भाच्याच्या प्रश्नाचे थेट उत्तर येथे आहे. प्रेषित (स.) यांनी गीबतची व्याख्या करताना सांगितले की, आपल्या भावाचा असा उल्लेख करणे जो त्याला आवडणार नाही. तेव्हा कोणीतरी विचारले की, ती गोष्ट त्याच्यात खरोखरच असेल तर? त्यावर उत्तर मिळाले की, ती त्याच्यात असेल तरच ती गीबत होय, नसेल तर ते कुभांड होय (मुस्लिम). चौदाशे वर्षांपूर्वी विचारलेला हा प्रश्न आणि माझ्या भाच्याचा प्रश्न एकच आहे. गोष्ट खरी असणे हा बचाव नाही. खरी असल्यामुळेच ती गीबत ठरते. बाराव्या आयतीत या कृत्याला मेलेल्या भावाचे मांस खाण्याची उपमा दिलेली आहे. मेलेला माणूस आपला बचाव करू शकत नाही, तसाच पाठीमागे ज्याच्याविषयी बोलले जाते तोही करू शकत नाही.

पाहणाऱ्याचे काय होते?

आतापर्यंत ज्याची रँक पाहिली जाते त्याचा विचार केला. परंतु पाहणाराही सुरक्षित नसतो. वरची रँक पाहून त्याच्या मनात हसद, म्हणजे मत्सर निर्माण होतो आणि खालची रँक पाहून किब्र, म्हणजे गर्व.

एका प्रसिद्ध हदीसमध्ये ऐहिक बाबतीत आपल्यापेक्षा वरच्याकडे न पाहता खालच्याकडे पाहावे, असा उपदेश आहे (मुस्लिम). त्याचा उद्देश तेथेच सांगितला आहे. आपल्यावरील अल्लाहच्या देणग्यांना आपण तुच्छ लेखू नये, यासाठी तो आहे. खालच्याकडे पाहून कृतज्ञता उपजली तर ती नजर हदीसला अनुसरून आहे. तुच्छता उपजली तर तीच नजर हदीसच्या उलट आहे. डोळे तेच, पडदा तोच, फरक अंतःकरणाचा आहे. आणि मुसलमान भावाला तुच्छ लेखणे एवढी एकच दुष्टता माणसासाठी पुरेशी आहे, असेही प्रेषितांनी (स.) बजावलेले आहे (मुस्लिम).

मत्सरावरचा उपाय एका सांडणीच्या प्रसंगात आहे. प्रेषित (स.) यांची 'अजबा' नावाची सांडणी शर्यतीत कधी हरत नसे. एकदा एक वाळवंटी अरब आपल्या तरुण उंटावरून आला आणि त्याने तिला मागे टाकले. सोबत्यांना याचे फार वाईट वाटले. त्यांच्या चेहऱ्यांवरील भाव ओळखून प्रेषित (स.) यांनी सांगितले की, या जगात जे काही वर चढते त्याला खाली आणणे हा अल्लाहचा नियम आहे (बुखारी). स्वतःच्या सांडणीच्या पराभवाचा असा स्वीकार करणारे नेतृत्व ज्यांना लाभले, त्यांनी मोबाइलमधील पायरीसाठी रात्र-रात्र जागावे आणि फजर गमवावी, हे शोभत नाही.

या खेळांची रचनाही हाच नियम दाखविते. ठरावीक मुदतीचा हंगाम संपला की चढलेली रँक खाली आणली जाते आणि चढण पुन्हा सुरू होते. शिवाय ही रँक कौशल्याचे शुद्ध माप नसते. जो अधिक वेळ देतो, तो अनेकदा केवळ अधिक सामन्यांच्या बळावर वर जातो. खालच्या पायऱ्यांवर तर समोरचे कित्येक 'खेळाडू' माणसे नसून संगणकाने चालविलेली प्यादी असतात. आठवीतील ज्या मुलाला वडील दिवसातून अर्धा तासच मोबाइल देतात, तो ब्राँझमध्ये राहणारच. त्याची खालची रँक ही त्याच्या आज्ञाधारकपणाची खूण असू शकते, हे आमच्यापैकी कोणाच्या ध्यानात आले नव्हते.

खरी पायरी

बुखारीतील एका कथनानुसार प्रेषित (स.) यांच्या समोरून एक माणूस गेला. त्याच्याविषयी काय मत आहे, असे त्यांनी जवळच्या व्यक्तीला विचारले. तो प्रतिष्ठितांपैकी आहे, त्याने मागणी घातली तर विवाह होईल, शिफारस केली तर मानली जाईल, असे उत्तर मिळाले. थोड्या वेळाने एक गरीब मुसलमान गेला. त्याच्याविषयी अगदी उलट उत्तर मिळाले. तेव्हा प्रेषित (स.) यांनी सांगितले की, पहिल्यासारख्या माणसांनी पृथ्वी भरून गेली तरी हा एकटा त्यांच्यापेक्षा उत्तम आहे.

उत्तर देणारा खोटे बोलत नव्हता. त्या समाजात त्या दोघांची जी 'रँक' होती तीच त्याने सांगितली. चूक एवढीच की, त्या पायरीला त्याने माणसाचे मूल्य समजले. थट्टा व गीबत यांच्या मनाईनंतर लगेच येणारी तेरावी आयत हाच भ्रम दूर करते. माणसे एका पुरुष व एका स्त्रीपासून निर्माण झाली, कुळे व कबिले परस्पर ओळखीसाठी आहेत आणि अल्लाहपाशी सर्वाधिक सन्माननीय तो जो सर्वाधिक ईशपरायण आहे, असा तिचा आशय आहे. ही पायरी कोणाच्या नावावर बोट ठेवून उघडता येत नाही. ती फक्त अल्लाह जाणतो. म्हणून कोणीही कोणाला कमी लेखण्याच्या स्थितीत नाही.

सूरह अल-वाकिआच्या प्रारंभी कयामतचे वर्णन खाली आणणारी व वर उचलणारी असे केलेले आहे. त्या दिवशी जी पायरी ठरेल, तिचा हंगाम संपणार नाही.

घरात काय करावे?

खेळ मुळातच खेळावा की नाही, याविषयी आलिमांनी घातलेल्या अटी वाचकांना ठाऊक आहेत. नमाज चुकू नये, जुगार नसावा, अश्लीलता नसावी, अभ्यास व आरोग्य बुडू नये. जेथे खेळण्याची मोकळीक दिलेली आहे, त्या घरांसाठी पुढील चार गोष्टी सुचवाव्याशा वाटतात.

1. रँक पाहण्यापूर्वी मुलाने स्वतःला विचारावे : मी हे कशासाठी पाहतो आहे? संघ जुळविण्यासाठी किंवा शिकण्यासाठी असेल तर पाहावे, अन्यथा सोडून द्यावे.

2. खेळातील पायरी खेळाबाहेर आणू नये. शाळा, मशीद व दस्तरखान येथे तिचा उच्चार नको.

3. ज्याने झाकले आहे ते उघडू नये. आपल्या मुलाला आपली माहिती झाकावीशी वाटली तर त्यालाही मुभा असावी.

4. वरच्या पायरीवरील मुलाने खालच्याला आठवड्यातून एकदा तरी सोबत घेऊन शिकवावे. ज्ञानाची जकात अशीही देता येते.

आणि माता-पित्यांनी एक आत्मपरीक्षण करावे. मुलाचा निकाल लागताच आपण प्रथम शेजारच्या मुलाचे गुण विचारतो. विवाहाच्या बोलण्यांत पगाराचा आकडा आधी काढतो. आपल्याकडे कोणत्या खेळाची रँक नाही, पण नजर तीच आहे. मुले ही नजर मोबाइलवरून शिकली की आपल्याकडून, याचे उत्तर आपणच द्यावयाचे आहे.

माझा भाचा नंतर त्या मुलाच्या घरी गेला. मी सोबत गेलो नाही, क्षमा त्यानेच मागायला हवी होती. परत आल्यावर म्हणाला, "मामू, तो काही बोललाच नाही. फक्त मान हलवली." पुढच्या जुम्याला तो मुलगा आला आणि शेवटच्या सफमध्ये उभा राहिला. भाचा पुढची जागा सोडून मागे गेला आणि त्याच्या शेजारी उभा राहिला. रविवारच्या दर्साला मात्र तो मुलगा अजून येत नाही. नाव ठेवायला एक क्षण पुरतो, ते पुसायला किती दिवस लागतील हे सांगता येत नाही. आम्ही वाट पाहत आहोत.

अभ्यासासाठी प्रश्न

1. मदीनेतील घोड्यांच्या दोन शर्यतींवरून वर्गवारीविषयी काय शिकावयास मिळते?

2. गोष्ट खरी असूनही तिचा उल्लेख गुन्हा कधी ठरतो?

3. उघडी माहिती पाहणे व झाकलेली माहिती शोधणे यांतील फरक आपल्या दैनंदिन जीवनातील एका उदाहरणाने स्पष्ट करा.

4. आपल्या घरात, वर्गात किंवा मोहल्ल्यात कोणाला त्याला न आवडणाऱ्या नावाने हाक मारली जाते काय? ती थांबविण्यासाठी या आठवड्यात तुम्ही काय कराल?

अल्लाह आम्हा सर्वांच्या नजरा व जिभा सांभाळो, आमच्या हातून दुखावलेल्या मनांना दिलासा देवो आणि ज्या पायऱ्या त्याच्यापाशी मोलाच्या आहेत त्या चढण्याचे सामर्थ्य आम्हाला देवो. आमीन.